पिन, ओढणी आणि कॅमेरा

१ जानेवारी २०१९. दिना टोकिओ कॅमेऱ्यासमोर बसली आणि मोठ्यानं वाचायला लागली. वाचत होती ती लोकांनी तिला लिहिलेल्या शिव्या. धर्म सोडल्याचे आरोप, रूपावरून टोमणे, शाप. एक संपली की दुसरी, दुसरी संपली की तिसरी. जवळजवळ पाऊण तास हे वाचन चाललं होतं. यूट्यूबवर टाकलेल्या या व्हिडिओत तिनं स्वतःची बाजू फारशी मांडलीच नाही. लोकांचे शब्द लोकांनाच ऐकवले.

तिचा गुन्हा असा, की काही आठवड्यांपूर्वी ती डोक्यावर ओढणी न घेता दिसली होती.

इंग्लिश आई, इजिप्शियन वडील, वेल्समधल्या कार्डिफ शहरात गेलेलं बालपण, अशी ही दिना. नाव दिना टोर्किया, पण इंटरनेटवर दिना टोकिओ. वयाच्या विशीत तिनं हिजाब कसा बांधायचा, त्याच्याबरोबर कुठला कोट चांगला दिसतो, जीन्सवर लांब कुर्ता कसा घालायचा, असे व्हिडिओ करायला सुरुवात केली. बोलायला फटकळ, स्वतःवर हसणारी. ब्रिटनमधल्या हजारो मुस्लिम मुलींना वाटलं, ही तर आपल्यासारखीच आहे. इन्स्टाग्रामवर दहा लाखांहून जास्त लोक तिच्यामागे जमले. २०१८ मध्ये तिचं ‘मॉडेस्टली’ हे पुस्तक आलं आणि त्याच वर्षाच्या अखेरीस तिनं हिजाब नेहमी घालणं थांबवलं. ज्यांनी तिला डोक्यावर घेतलं होतं त्यांच्यातलेच काही तिच्या डोक्यावर काय आहे याचा हिशेब मागायला लागले.

अंग झाकणाऱ्या, सैलसर आणि तरीही आजच्या चालीच्या कपड्यांना बाजारानं ‘मॉडेस्ट फॅशन’ असं नाव दिलं आहे. त्या नावामागे एक पेच आहे आणि दिनाच्या गोष्टीत तो उघडा पडतो. परक्या नजरेपासून आड राहण्यासाठीचा पोशाख, लोकांच्या नजरेवरच जगणाऱ्या माध्यमात मांडायचा कसा? गेल्या पंधरा वर्षांत जगभरच्या मुस्लिम मुलींनी या प्रश्नाला आपापली उत्तरं काढली. काहींनी त्यातून धंदा उभा केला, काहींनी नाव कमावलं, काहींनी तडाखे खाल्ले. बऱ्याच जणींच्या वाट्याला तिन्ही आलं.

दुकानात काहीच मिळत नव्हतं

सुरुवात अगदी व्यवहारी अडचणीतून झाली. २००० नंतरच्या दशकात लंडनमध्ये किंवा शिकागोत वाढणाऱ्या मुस्लिम मुलीला मोठ्या दुकानांत पूर्ण बाह्यांचा, घोट्यापर्यंतचा, न चिकटणारा कपडा उन्हाळ्यात शोधून सापडत नसे. आईच्या देशातून आलेले कपडे कॉलेजात घालावेसे वाटत नसत. मग बिनबाह्यांच्या फ्रॉकखाली पूर्ण बाह्यांचा टी-शर्ट, वर जॅकेट, खाली पँट असे थर चढायला लागले. हे थर कसे जमवायचे आणि ओढणी घसरू नये म्हणून पिन नेमकी कुठे टोचायची, हे सांगणाऱ्या मुलींना प्रेक्षक मिळाले. आतली टोपी म्हणजे अंडरस्कार्फ, त्यावर शिफॉन घसरतं, जर्सीचं कापड बसतं, व्हिस्कोस उन्हात बरं पडतं, असं हे ज्ञान. आजवर ते आई-मावशीकडून किंवा मैत्रिणीकडून आरशासमोर मिळायचं.

या पहिल्या पिढीत हाना ताजिमा होती. वडील जपानी, आई इंग्लिश. इंग्लंडच्या डेव्हन परगण्यात वाढलेल्या हानानं सतराव्या वर्षी इस्लाम स्वीकारला आणि पुढे आपल्या कपड्यांविषयी इंटरनेटवर लिहायला लागली. २०१५ मध्ये ‘युनिक्लो’ या बड्या जपानी कंपनीनं तिनं आखलेले कपडे आणि हिजाब आग्नेय आशियातल्या आपल्या दुकानांत लावले. घरच्या आरशासमोर सुरू झालेली गोष्ट सहा-सात वर्षांत मॉलमध्ये पोचली.

शब्दांचा थोडा खुलासा इथेच करायला हवा. हिजाब म्हणजे मुळात आड किंवा पडदा. बोलण्यात तो केस, कान आणि मान झाकणाऱ्या रुमालासाठी येतो. चेहराही झाकला तर निकाब. अबाया हा अंगभर सैल झगा. मुंबईत मात्र पूर्ण बुरख्यालाही सर्रास ‘नकाब’ म्हणतात. कुराणातल्या ‘अन-नूर’ या चोविसाव्या अध्यायात तिसावी आयत आधी पुरुषांना नजर खाली ठेवायला सांगते. स्त्रियांनी काय आणि कसं झाकावं हे त्यानंतरच्या आयतीत येतं. त्या आयतीचा अर्थ नेमका काय, यावर शतकानुशतकं वाद आहेत आणि कोट्यवधी श्रद्धाळू मुस्लिम बायका डोकं झाकतही नाहीत. इंटरनेटवर एखाद्या मुलीला कपड्यांवरून सुनावणारे पुरुष जमले की कुणीतरी हमखास या दोन आयतींचा क्रम त्यांना ऐकवतं.

कापड तेच असलं तरी अर्थ जागेप्रमाणे बदलतो, हे मराठी वाचकाला वेगळं सांगायला नको. पुण्यात भर दुपारी स्कूटरवरून जाणाऱ्या मुली ओढणीनं केस, चेहरा, मान सगळं गुंडाळून घेतात, वर गॉगल चढवतात. फक्त डोळे, तेही काचेआड. ऊन आणि धूर एवढंच त्याचं कारण पुरतं. त्यावर ना कधी कोर्टात तारीख पडली, ना टीव्हीवर चर्चा झाली.

जकार्ताच्या हिजाबर्स

ही चाल सर्वांत जोरात फुलली ती इंडोनेशियात. जगात सर्वाधिक मुस्लिम असलेल्या देशांत तो अग्रभागी आहे. तरीही तिथे १९८२ मध्ये सुहार्तो सरकारच्या गणवेशाच्या नियमानं सरकारी शाळांत डोक्यावरचा रुमाल, तिथल्या भाषेत जिलबाब, बंद पाडला होता. ज्या मुलींनी ऐकलं नाही त्यांच्यावर शाळा सोडायची पाळी आली. १९९१ मध्ये बंदी उठली. त्या काळात जिलबाब घालणं म्हणजे सत्तेला विरोध करणं होतं. पुढच्या वीस वर्षांत त्याचा सगळा नूरच पालटला.

२०१० च्या अखेरीस जकार्तात काही तरुण मुलींनी ‘हिजाबर्स कम्युनिटी’ हा गट काढला. धर्माचा अभ्यास, चहापान आणि ओढणी बांधण्याचे वर्ग, सगळं एकाच छताखाली. त्यांच्यातली दियान पेलांगी ही डिझायनर इन्स्टाग्रामवर लाखोंची लाडकी झाली. घरचा धंदा बाटिकचा. गाठी बांधून रंगवलेल्या कापडाच्या, आपल्याकडच्या बांधणीशी नातं सांगणाऱ्या तंत्राच्या, ओढण्या तिनं जगभर नेल्या. तिच्या फोटोंत काळा रंग शोधावा लागे. जांभळा, केशरी, मोरपंखी यांची नुसती उधळण असे.

याच देशातली अनिसा हसिबुआन सप्टेंबर २०१६ मध्ये न्यू यॉर्क फॅशन वीकमध्ये पोचली. तिच्या शोमध्ये प्रत्येक मॉडेलनं हिजाब घातला होता. त्या मंचावर असं पहिल्यांदाच घडत होतं. प्रेक्षकांनी उभं राहून टाळ्या वाजवल्या आणि फोटो जगभर फिरले. वर्षभरात दुसरी बातमी आली. अनिसा आणि तिचा नवरा चालवत असलेल्या ‘फर्स्ट ट्रॅव्हल’ या कंपनीनं स्वस्तात मक्केची उमराह यात्रा घडवू असं सांगून साठ हजारांहून अधिक यात्रेकरूंचे पैसे घेतले होते आणि त्यांना नेलंच नव्हतं. २०१८ मध्ये कोर्टानं अनिसाला १८ आणि नवऱ्याला २० वर्षांची शिक्षा दिली. त्या यात्रेकरूंत पै-पै साठवणारी म्हातारी माणसं होती. दागदागिने, परदेशवाऱ्या आणि डोक्यावर नीट बसवलेली ओढणी, हे सगळं एकाच अकाउंटवर पाहून लोकांचा विश्वास बसला होता.

ओढणीची सक्तीही याच देशात वाढत गेली. पश्चिम सुमात्रातल्या पादांग शहरात २००५ मध्ये महापौरांनी शाळकरी मुलींसाठी जिलबाबचा आदेश काढला. जानेवारी २०२१ मध्ये तिथल्या एका सरकारी व्यवसाय-शाळेनं एका ख्रिस्ती मुलीलाही डोकं झाकायला सांगितलं. तिचे वडील शाळेत गेले आणि अधिकाऱ्यांशी झालेलं बोलणं त्यांनी फोनवर टिपून इंटरनेटवर टाकलं. देशभर गदारोळ उठला. महिन्याभराच्या आत तीन मंत्रालयांनी मिळून फर्मान काढलं, की सरकारी शाळांना धार्मिक पोशाखाची सक्ती करता येणार नाही आणि बंदीही घालता येणार नाही. मे महिन्यात सर्वोच्च न्यायालयानं ते फर्मान रद्द केलं.

पुढे ऑगस्ट २०२४ मध्ये स्वातंत्र्यदिनाच्या झेंडावंदन पथकातल्या १८ मुली शपथविधीत अचानक हिजाबाविना दिसल्या. गणवेशाच्या नियमासाठी त्यांना तो काढावा लागल्याचं कळताच लोक भडकले. संबंधित संस्थेच्या प्रमुखांना माफी मागावी लागली आणि १७ ऑगस्टला मुली हिजाबसह परेडला उभ्या राहिल्या. साडेतीन वर्षांच्या अंतरानं घडलेल्या या दोन्ही प्रसंगांत आधी चित्र फिरलं आणि मग सरकार हललं.

कंपन्यांना उशिरा आलेली जाग

अमेरिकेच्या डीकेएनवायनं २०१४ मध्ये रमझानसाठी खास कपडे काढले. २०१५ मध्ये एच अँड एमच्या जाहिरातीत मारिया इद्रिसी ही लंडनची तरुणी हिजाब घालून काही सेकंद दिसली आणि तेवढ्यावर तिच्या मुलाखतींची रांग लागली. जानेवारी २०१६ मध्ये डोल्चे अँड गबानानं अबाये आणि हिजाब बाजारात आणले. मार्च २०१७ मध्ये नायकीनं खेळाडूंसाठी हिजाब जाहीर केला. तुर्कस्तानात तर ‘मोदानिसा’ ही केवळ असे कपडे विकणारी कंपनी २०११ पासूनच इंटरनेटवर दुकान थाटून बसली होती.

खरं म्हणजे छोट्या उद्योजिकांनी यातलं बरंच आधी करून ठेवलं होतं. सिडनीत राहणाऱ्या मूळच्या लेबनीज आहेदा झानेटींनी २००४ मध्ये बुर्किनी शिवली. त्यांची भाची नेटबॉल खेळताना कपड्यांच्या थरांत अवघडलेली त्यांनी पाहिली होती, तिथून ही कल्पना सुचली. २०११ मध्ये इंग्लंडच्या प्रसिद्ध पाककलालेखिका नायजेला लॉसन सिडनीच्या बाँडाय किनाऱ्यावर बुर्किनी घालून उतरल्या. त्या मुस्लिम नाहीत. उन्हापासून कातडी वाचवायची एवढाच त्यांचा हेतू होता.

या बाजाराचा आकार सांगताना एक आकडा नेहमी फेकला जातो. ‘दिनारस्टँडर्ड’ या संस्थेच्या अहवालानुसार २०१८ मध्ये जगभरच्या मुस्लिमांनी कपड्यांवर २८३ अब्ज डॉलर खर्च केले. आकडा डोळे दिपवणारा आहे, पण तो मुस्लिमांच्या सगळ्याच कपड्यांचा आहे. त्यात बाप्यांच्या पँटी आल्या, पोरांचे गणवेश आले, मोजेही आले. बातम्यांच्या मथळ्यात मात्र तो अनेकदा थेट ‘मॉडेस्ट फॅशनचा बाजार’ होऊन बसतो.

कंपन्यांच्या या प्रेमाला विरोधही झाला आणि तो एकाच बाजूनं आला नाही. इव्ह सां लोराँ या फॅशनघराचे सहसंस्थापक पिएर बेर्जे २०१६ मध्ये म्हणाले, की डिझायनरचं काम बायकांना मोकळं करण्याचं आहे, त्यांना झाकण्यात हातभार लावण्याचं नाही. मुंबईत जन्मलेल्या आणि अमेरिकेत वाढलेल्या पत्रकार असरा नोमानी यांनी हाला अराफा यांच्यासह डिसेंबर २०१५ मध्ये ‘वॉशिंग्टन पोस्ट’मध्ये लेख लिहिला. मुस्लिमांविषयी आपुलकी दाखवायची म्हणून इतर धर्मांच्या बायकांनी हिजाब घालू नये, अशी विनंती त्यांनी केली. त्यांचं म्हणणं असं, की त्यामुळे हिजाब हीच मुस्लिम बाईची एकमेव ओळख ठरते आणि तो न घालणाऱ्यांवर दडपण येतं. धार्मिक वळणाच्या टीकाकारांचा मुद्दा वेगळा होता. साधेपणासाठीचा कपडा झगमगाट करून विकणं म्हणजे ‘तबर्रुज’, म्हणजे मिरवणं, असं ते म्हणत.

मिरवायला बोलावणाऱ्यांनाही समोरच्या बाईची पुरती ओळख असतेच असं नाही. जानेवारी २०१८ मध्ये अमीना खान ही ब्रिटिश यूट्यूबर लॉरिअलच्या शॅम्पूच्या मोहिमेत आली. केसांच्या उत्पादनाची जाहिरात आणि तिच्यातली बाई केस झाकलेली! दिसत नाहीत म्हणून मी केसांची निगा राखत नाही असं थोडंच आहे, हा तिचा मुद्दा लोकांना पटला. काही दिवसांतच तिची २०१४ सालची इस्रायलविरोधी ट्वीट कुणीतरी उकरून काढली आणि माफी मागून ती मोहिमेतून बाहेर पडली. जानेवारी २०१९ मध्ये अमेरिकी पत्रकार नूर टागौरी आपला ‘व्होग’मधला फोटो मोठ्या उत्साहानं पाहायला गेली. नवरा व्हिडिओ काढत होता. पान उघडलं तर फोटोखाली नाव पाकिस्तानी अभिनेत्री नूर बुखारीचं. उत्साह ते हिरमोड, सगळा प्रवास त्या व्हिडिओत टिपला गेला. तिनं तो इन्स्टाग्रामवर टाकला आणि मासिकाला माफी मागावी लागली.

हलिमाची ‘नाही’

हलिमा एडनचा जन्म १९९७ मध्ये केनियातल्या काकुमा निर्वासित छावणीत झाला. सोमाली कुटुंब अमेरिकेत मिनेसोटात आलं. २०१६ मध्ये तिथल्या राज्याच्या सौंदर्यस्पर्धेत ती हिजाब घालून उतरली, पोहण्याच्या पोशाखाच्या फेरीत बुर्किनी घालून आली आणि उपांत्य फेरीपर्यंत पोचली. मग आयएमजी या मोठ्या मॉडेलिंग कंपनीचा करार, मोठमोठ्या डिझायनरांचे शो, २०१८ मध्ये ‘ब्रिटिश व्होग’चं मुखपृष्ठ. २०१९ मध्ये ‘स्पोर्ट्‌स इलस्ट्रेटेड’च्या स्विमसूट अंकात बुर्किनीतला तिचा फोटो छापून आला. तोही काढला होता केनियाच्याच किनाऱ्यावर.

नोव्हेंबर २०२० मध्ये कोविडमुळे ती घरी होती. इन्स्टाग्रामवर तिनं आपल्याच जुन्या कामाचे फोटो एकेक करून टाकले आणि प्रत्येकाखाली लिहीत गेली. हिजाब कायम राहील असं करारात होतं, पण हळूहळू हिजाबाची जागा कशाकशानं घेतली ते तिनं दाखवलं. एका चित्रीकरणात तर तिच्या डोक्याला चक्क जीन्स गुंडाळली होती. कामाच्या धबडग्यात नमाज चुकत गेल्याचं तिनं लिहिलं. सेटवर तिची अडचण समजणारी मुस्लिम स्टायलिस्ट नसे, हेही लिहिलं. हे सोड, असं आई कधीपासून सांगत होती. आता ती रॅम्पवरचं काम थांबवत होती.

दिनानं हिजाब सोडला म्हणून शिव्या खाल्ल्या. हलिमानं हिजाबासाठी करिअर सोडलं म्हणून तिचं कौतुक झालं. दोघींचं म्हणणं मात्र जवळपास एकच होतं: माझ्या डोक्यावर काय असावं हे ठरवणारे फार झाले.

हलिमा घरी बसली नाही. २०२१ मध्ये तिनं ‘मोदानिसा’साठी स्वतः हिजाब आणि कपडे डिझाइन केले.

तोच फोन, उलट दिशेला

जिथे डोकं झाकायला सरकार भाग पाडतं, तिथे मुलींनी हेच माध्यम उलट वापरलं. मे २०१४ मध्ये लंडनमध्ये राहणाऱ्या इराणी पत्रकार मसीह अलीनेजाद यांनी ‘माय स्टेल्दी फ्रीडम’ हे फेसबुक पान सुरू केलं. इराणमधल्या बायका निर्जन रस्त्यावर, डोंगरावर, समुद्रकाठी क्षणभर रुमाल काढत, फोटो घेत आणि पाठवत. काही आठवड्यांत लाखो लोक त्या पानाशी जोडले गेले. इन्स्टाग्रामवर रुमालाविना फोटो टाकणाऱ्या मॉडेल आणि छायाचित्रकारांवर इराणी यंत्रणांनी २०१६ मध्ये मोहीम उघडली आणि आठ जणांना अटक केली. १६ सप्टेंबर २०२२ ला २२ वर्षांच्या महसा अमिनीचा मृत्यू झाला. हिजाब नीट नसल्याच्या आरोपावरून तेहरानच्या ‘नैतिकता पोलिसां’नी तिला पकडलं होतं. त्यानंतर बायकांनी रस्त्यात रुमाल जाळले, केस कापले आणि फोनवर ते टिपून जगाला दाखवलं.

फ्रान्समधलं चित्र नेमकं उलट आहे. तिथे २००४ पासून सरकारी शाळांत हिजाब चालत नाही. २०१६ च्या उन्हाळ्यात कान शहरासह अनेक किनारी गावांनी बुर्किनीवर बंदी घातली. नीसच्या किनाऱ्यावर पोलिसांच्या गराड्यात अंगावरचा वरचा कपडा उतरवणाऱ्या बाईचे फोटो जगभर गेले आणि त्यानंतर काही दिवसांतच तिथल्या सर्वोच्च प्रशासकीय न्यायालयानं एका गावाची बंदी स्थगित केली. २०२१ मध्ये फ्रेंच सिनेटनं १८ वर्षांखालच्या मुलींना सार्वजनिक जागी हिजाब बंद करण्याच्या बाजूनं मत दिलं. ते पुढे कायद्यात उतरलं नाही. पण सोमाली वंशाची नॉर्वेजियन मॉडेल रव्दा मोहम्मद हिनं तेव्हा ‘माझ्या हिजाबाला हात लावू नका’ अशा अर्थाचे इंग्रजी शब्द तळहातावर लिहून फोटो टाकला. हजारो मुलींनी आपापल्या हातावर ते लिहिलं. त्याच वर्षी ‘व्होग स्कँडिनेव्हिया’नं तिला फॅशन संपादक म्हणून घेतलं.

रुमाल जाळणारी तेहरानची मुलगी आणि तळहात दाखवणारी ऑस्लोची मुलगी यांना समोरासमोर उभं करून ‘बघा, यातली खरी कोण?’ असं विचारण्याची टीव्हीला फार हौस. वास्तविक दोघींची तक्रार आपल्या कपाटात हात घालणाऱ्या सरकारविषयी आहे.

भेंडीबाजार ते गोवंडी

२०११ च्या जनगणनेनुसार महाराष्ट्रात सुमारे १ कोटी ३० लाख मुस्लिम होते. त्यांच्यातल्या बायका एकसारख्या कपड्यांत वावरतात, असा समज मुंबईचा एक फेरफटकाही मोडून काढील. कोकणी मुसलमान घरांतल्या वयस्क बायका आजही साडीचा पदर डोक्यावरून घेतात. भेंडीबाजारात दाऊदी बोहरा बायकांचा रिदा दिसतो. दोन भागांचा, बहुधा काळा सोडून कुठल्याही रंगाचा, कडेला लेस आणि भरतकाम. ‘मॉडेस्ट फॅशन’ हा शब्द बाजारात येण्याच्या किती तरी आधीपासून रिद्याची लेस निवडण्यात बोहरा मुलींच्या दुपारच्या दुपारी गेल्या आहेत. तिथून पुढे मोहम्मद अली रोडच्या दुकानांत काळ्या ‘निदा’ कापडाचे अबाये टांगलेले असतात आणि बाहीवरच्या खड्यांच्या कामावरून घासाघीस चाललेली असते. अर्थात अनेक घरांत यातलं काहीच नसतं. कुर्ता आणि जीन्स.

मुस्लिम बाईचा प्रश्न मराठी वाचकाला नवा नाही. १८ एप्रिल १९६६ ला हमीद दलवाईंनी सात बायकांचा मोर्चा मुंबईत विधानसभेवर नेला, तेव्हा तोंडी तलाकविरुद्ध त्या सात जणींचं बोलणं लोकांपर्यंत पोचवायला वर्तमानपत्र हाच मार्ग होता. त्यांच्याविषयी कोण, किती आणि कसं छापणार हे इतर ठरवत. आज नातीच्या वयाची मुलगी स्वतःच छापते. गोवंडीची सानिया मिस्त्री शाळकरी वयातच हिजाब घालून हिंदीतून रॅप करायला लागली. वस्तीतलं जगणं, गरिबी, मुलींना मिळणारी वागणूक हे तिचे विषय. हिजाबाविषयी बोलायची तिला गरज वाटत नाही. विचारणाऱ्यांना मात्र वाटते.

२०१९ मध्ये ‘स्लमडॉग मिलेनियर’ला दहा वर्षं झाली म्हणून मुंबईत कार्यक्रम झाला. ए. आर. रहमान यांची मुलगी खतिजा मंचावर साडीत आणि चेहऱ्यावर निकाब घेऊन आली. बापानंच तिच्यावर लादलं असणार, असा निकाल इंटरनेटनं रातोरात दिला. खतिजानं लिहिलं, की हा माझा निर्णय आहे, आईवडिलांचा त्यात संबंध नाही. रहमान यांनी एक फोटो टाकला. त्यात खतिजा निकाबमध्ये, तर तिची आई आणि बहीण उघड्या चेहऱ्यानं उभ्या होत्या. एकाच घरातल्या तिघी.

सगळ्यांच्या वाट्याला अशी ढाल येत नाही. डिसेंबर २०२१ मध्ये कर्नाटकातल्या उडुपीत हिजाब घातलेल्या मुलींना सरकारी कॉलेजच्या वर्गाबाहेर ठेवल्यावरून वाद पेटला. १५ मार्च २०२२ ला तिथल्या उच्च न्यायालयानं हिजाब हा इस्लामचा अत्यावश्यक भाग नसल्याचं सांगत बंदी उचलून धरली. १३ ऑक्टोबरला सर्वोच्च न्यायालयाच्या दोन न्यायमूर्तींनी परस्परविरुद्ध निकाल दिले. मुंबईतही २०२४ मध्ये चेंबूरच्या एका महाविद्यालयानं हिजाब, नकाब, टोपी, बिल्ले यांना मनाई केली, तेव्हा नऊ विद्यार्थिनी उच्च न्यायालयात गेल्या आणि २६ जूनला हरल्या. ९ ऑगस्टला सर्वोच्च न्यायालयानं त्या मनाईला अंशतः स्थगिती दिली. टिळा किंवा टिकली लावणाऱ्यांना तुम्ही अडवाल का, असा सवाल न्यायमूर्तींनी महाविद्यालयाला केला.

सगळ्यात क्रूर प्रकार घडला तो फोटोंचाच. जुलै २०२१ मध्ये ‘सुल्ली डील्स’ आणि १ जानेवारी २०२२ ला ‘बुल्ली बाई’ या नावांनी दोन ॲप निघाली. मुस्लिम बायकांनी स्वतःच्या अकाउंटवर टाकलेले फोटो चोरून त्यांचा खोटा लिलाव तिथे मांडला होता. पत्रकार, कार्यकर्त्या, एक वैमानिक, अशा बोलत्या बायका निवडून घेतलेल्या. त्यांतल्या काहींच्या डोक्यावर हिजाब होता, काहींच्या नव्हता. दुसऱ्या प्रकरणात मुंबई पोलिसांच्या सायबर शाखेनं बंगळुरू आणि उत्तराखंडातून अटका केल्या. पकडलेल्यांत कॉलेजच्या वयाची पोरं होती आणि एक तरुणीही होती.

इमोजीआडचा चेहरा

इतकं सगळं होऊनही फोटो थांबलेले नाहीत. त्यांची तऱ्हा मात्र पाहण्यासारखी आहे. कुणी आरशासमोर उभी राहून फोन बरोबर चेहऱ्यासमोर धरते, म्हणजे कपडा दिसतो आणि चेहरा दिसत नाही. कुणी पाठमोरी चालते आणि ओढणीचा मागचा घोळ वाऱ्यावर सोडते. कुणी चेहऱ्यावर फुलाची नाहीतर हसऱ्या तोंडाची इमोजी चिकटवते. काहींच्या व्हिडिओत फक्त हात असतात. मेंदीची बोटं पिन उचलतात, घडी घालतात, लेस सरळ करतात आणि पडद्यावर अक्षरं उमटत जातात. काहींनी आवाजही ठेवलेला नाही.

घरून अबाये विकणाऱ्यांनी हीच रीत धंद्यासाठी उचलली आहे. मशीन आतल्या खोलीत, गिऱ्हाईक इन्स्टाग्रामवर, ऑर्डर व्हॉट्सॲपवर. नवा माल आला की हँगर खिडकीपाशी लावायचा, उजेडात बाहीचं भरतकाम जवळून दाखवायचं, मग धाकट्या बहिणीला घालायला लावून मानेखालचा भाग टिपायचा. खाली पहिल्या दोन-तीन तासांत ठरलेल्या गोष्टी येतात. कुणी एक जण नरकाची भीती घालून जातो. कुणी परदेशातून हृदय पाठवते. आणि मग एकीपाठोपाठ एक बायका विचारायला लागतात: ५६ साइज आहे का, खिसा आहे का, धुतल्यावर रंग जातो का.

खिसा आहे, दोन्ही बाजूंना, असं उत्तर येतं.